मधल्या चौदा गुंठ्यांची तटस्थता

सोमवार, ३ नोव्हेंबर २०२५

आज सकाळी नऊ वाजून चाळीस मिनिटांनी इंद्रजितच्या दोन माणसांनी माझ्या पश्चिमेकडच्या कुंपणाचे तीन खांब उपटले. वेळ अंदाजाने लिहिलेली नाही. छत्तीस वर्षं पोस्टात काढली आहेत. शिक्का मारण्याआधी घड्याळ बघायची सवय हाडात गेली आहे. खांब उपटून त्यांनी ते आडवे टाकले आणि त्यांच्यावरच बसून तंबाखू मळली.

"कोणी सांगितलं?" मी विचारलं.

"दादांनी. मशीन वळायला जागा लागंल म्हन्ले."

"कसलं मशीन?"

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. "ते दादास्नी इचारा."

दैनंदिनी मी निवृत्त झाल्यापासून लिहिलेली नाही. आजपासून पुन्हा लिहिणार. उद्या हे प्रकरण कुठे उभं राहिलंच, तर आधी काय झालं आणि नंतर काय झालं ते एका माणसाला तरी तारीखवार सांगता यायला हवं.

आधी नकाशा. कासार आंबोलीत माझे चौदा गुंठे आहेत, लांबट, पट्टीसारखे. पूर्वेला विठ्ठलराव, पश्चिमेला इंद्रजित. दोघे एकाच भावकीतले, मूळपुरुष एक. विठ्ठलराव चौऱ्याहत्तरचे, शेती करणारे, अर्धं गाव त्यांच्या शब्दात. इंद्रजित चाळिशीचा, लग्नाचं लॉन चालवणारा, उरलेलं अर्धं गाव त्याच्या गाडीत. विठ्ठलरावांच्या बाजूला ओढ्यालगत दोन एकरांचं भाताचं खाचर आहे. सात-बारावर नाव दोघांचं, कसतात विठ्ठलराव. इंद्रजितला अर्धं हवं आहे. कोर्टात तारखा पडताहेत. तिकडे जाणारी गाडीवाट विठ्ठलरावांनी ट्रॉली आडवी लावून बंद केली आहे. म्हणजे इंद्रजितला खाचरात मशीन घालायचं तर रस्ता उरतो एकच, माझ्या आवारातून.

मी कुणाच्याही बाजूची नाही. दोन्ही घरी जाऊन तसं सांगून आले आहे.

बुधवार, ५ नोव्हेंबर

विठ्ठलराव आले. हातात नव्या इंद्रायणी तांदळाची पिशवी. पिशवी मी पायरीवरच ठेवायला लावली.

"बाईसाहेब, तुमी एकट्या बाईमानूस. आमची चार पोरं बसवतो तुमच्या व्हरांड्यात. रातंदिस. कुनाची छाती व्हनार न्हाई."

"पोरं काठ्या घेऊन बसणार का?"

"काठी लागतीच की. कुत्री लई झाल्यात हल्ली."

मी सांगितलं, तुमची पोरं माझ्या व्हरांड्यात बसली की मी तुमच्या बाजूची झाले. ते मला नको आहे.

"मग कुनाच्या बाजूच्या?"

"माझ्या."

म्हातारा मोकळेपणी हसला, दाढा दिसतील इतका. "चौदा गुंठ्याला बाजू नसती, बाईसाहेब. चौदा गुंठ्याला शेजारी असत्यात."

पिशवी परत पाठवली. कुशाबा घेऊन गेला.

शुक्रवार, ७ नोव्हेंबर

पौडला जाऊन तहसीलदारांच्या नावे अर्ज दिला, दुसऱ्या प्रतीवर पोच घेतली. कारकून मुलगी नीट वागली, 'आजी' म्हणाली तेवढं सोडून. दोन्ही शेजाऱ्यांना स्पीड पोस्टाने नोटीस धाडली. रजिस्टर्ड पोस्ट हा शब्दच सप्टेंबरपासून बंद केला आहे. ज्या शब्दाला माणसं घाबरायची तो काढून टाकला आणि ज्यात घाई तेवढी आहे तो ठेवला.

येताना एसटीत सिस्टर ओदिल आठवल्या. पाचगणीच्या कॉन्व्हेंटात त्या आम्हाला इतिहास शिकवायच्या. मूळच्या बेल्जियमच्या. ऑगस्ट उजाडला की पुस्तक मिटून स्वतःच्या गावाची गोष्ट सांगायच्या. दोन ऑगस्ट १९१४, संध्याकाळचे सात. जर्मनीचं पत्र आलं की फ्रान्सवर जायचं आहे, तुमच्यातून वाट द्या, नुकसान भरून देऊ, उत्तर बारा तासांत हवं. बेल्जियम तटस्थ देश. मोठ्यांनीच पूर्वी कागदावर सह्या करून त्याच्या तटस्थतेची हमी दिलेली. त्याने नाही म्हटलं. राजा स्वतः सैन्याबरोबर गेला. पंधरवड्यात सिस्टरांचं विझे गाव जळून गेलं. त्या तेव्हा नऊ वर्षांच्या होत्या.

आम्ही मुली विचारायचो, "सिस्टर, मग नाही म्हणून मिळालं काय?" त्या चिडायच्या. छडी टेबलावर आपटून म्हणायच्या की प्रश्नच चुकीचा आहे.

शेजारच्या लक्झेंबर्गनेही निषेध केला, पण हात उचलला नाही. तिथली घरं उभी राहिली. हे सिस्टर सांगत नसत, मी मोठेपणी वाचलं. वाचून राग आला होता. कुणाचा, ते तेव्हाही नीट ठरवता आलं नाही.

मंगळवार, ११ नोव्हेंबर

कुशाबाशी आज वाजलं.

कुशाबा आणि त्याची बायको रंभाबाई माझ्याकडे सोळा वर्षं आहेत. तो बाग आणि पाणी बघतो, ती घरातलं. राहायला गावठाणात, दिवसभर माझ्याकडे. दोन्ही मोठी घरं त्याच्या भावकीतलीच, फक्त त्याच्या वाटणीची जमीन कधीच संपली. नात्याने तो इंद्रजितचा चुलता आणि विठ्ठलरावांचा चुलतभाऊ. मुलगी अपेक्षा. तिचं लग्न चार डिसेंबरला ठरलं आहे, इंद्रजितच्या लॉनवर. इंद्रजित लॉन पैसे न घेता देणार आहे आणि पंगतीचा तांदूळ विठ्ठलरावांचा.

काल पूर्वेकडची भात कापायची हाक आली, आज पश्चिमेकडची. कुशाबा दोन्हीकडे जायचं म्हणत होता. इथे दरवर्षीचीच रीत आहे, भावकीतला माणूस कापणीला गेला नाही तर त्याने भावकीला तोंड चुकवलं असं धरतात. मी म्हटलं, यंदा कोणाकडेच जायचं नाही. माझ्या आवारात काम करणारा माणूस उद्या एकाच्या खाचरात दिसला की दुसरा म्हणणार, बाईने बाजू घेतली. लॉनही नको म्हणा आणि तांदूळही नको म्हणा.

"आन् पोरीचं लगीन कशावं करू, बाई? तटस्थपनावं?"

तटस्थपणा हा शब्द त्याने माझ्याचकडून ऐकलेला. रंभाबाई भांडी घासता घासता हसली. मला राग आला. मी म्हटलं, लग्न माझ्या अंगणात करा. मांडव मी घालते.

"तुमच्या अंगनात आलं तर जेवाया कोन येतंय?" कुशाबा म्हणाला. "हिकडचे यायचे न्हाईत, तिकडचे यायचे न्हाईत. मी आन् तुमी. आन् नवरदेव."

शेवटी कापणीला गेला नाही. लॉनचं आणि तांदळाचं मात्र त्याने होही म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. गरीब माणसाला ताठ उभं राहायला शिकवणं फार कठीण आहे.

बुधवार, १२ नोव्हेंबर

रंभाबाई सांगत होती, विठ्ठलरावांच्या सुनेने नळावर हंडा पुढे घेऊ दिला नाही. "बाईच्या घरनं आन पानी," म्हणाली. मी म्हटलं, मग आणा की, माझ्या टाकीला काय धाड भरली आहे? तिने पदराची चुंबळ केली. हंडा भरून दिला. दीड किलोमीटर डोक्यावर नेला असेल.

टीव्हीवर कुठल्याशा छोट्या देशाचा पंतप्रधान दोन मोठ्यांच्या मध्ये उभा राहून दोन्ही हात हलवत होता. हसत होता बिचारा. हसणं कुठे थांबवायचं ते त्याला कोणी सांगितलं नसावं.

शनिवार, १५ नोव्हेंबर

संध्याकाळी बरोबर सात वाजता इंद्रजित स्वतः आला. सात! मी घड्याळाकडे दोनदा पाहिलं.

"मावशी, चहा नको. एकच सांगायचंय. उद्या सकाळी सातला मशीन तुमच्यातनं जाईल. दहा मिनिटांचं काम. कुंपण सोमवारी नवं करून देतो, जाळीचं, गेटसकट."

"खाचरात काय करणार?"

"माझा हिस्सा आखून घेणार."

"भात उभं आहे त्यात."

"कापायला त्यांना पंधरा दिवस होते."

"कोर्टाने तुला आखायला सांगितलं आहे?"

"कोर्ट सांगेल तेव्हा मी विठ्ठलकाकांच्या वयाचा असेन, मावशी."

मी म्हटलं, उत्तर नाही असं आहे, आणि ते मी लेखी देणार आहे.

"लेखी कशाला? ऐकलं की मी." जाताना चप्पल पायात सारत म्हणाला, "तुम्ही नाही म्हणालात म्हणून विठ्ठलकाका काही तुम्हाला ओवाळणार नाहीत."

पंचावन्न वर्षांनी मला सिस्टरांच्या वर्गात बसल्यासारखं झालं. तीच वेळ, तीच भाषा, तीच भरपाई. अक्षर सरळ आलं: "माझ्या जागेतून कोणत्याही पक्षाला, कोणत्याही कारणासाठी वाट मिळणार नाही." सही, तारीख, सात वाजून पस्तीस मिनिटं. लिफाफा बंद करून कुशाबाकडे दिला, घरी जाता जाता इंद्रजितच्या हाती द्या म्हटलं. त्याने लिफाफा दोन्ही बाजूंनी पाहिला. "हे मीच न्यायचं?" तुमच्याशिवाय कोण आहे, मी म्हटलं.

उद्या साडेसहाला यायला सांगितलं आहे. खांब उपटले आहेत तिथे पाटी धरून उभं राहायचं. पाटी मी तयार केली आहे, पुठ्ठ्यावर, लांबून वाचता येईल अशी: खाजगी जागा. दोन्ही पक्षांना प्रवेश बंद.

रंभाबाई म्हणाली, "त्यांस्नी नका उभं करू. मी ऱ्हाते. बाईमानसाच्या अंगावं न्हाई येनार कोनी."

तिला कळत नाही. मी समजावलं की कुशाबाच का. तो दोघांच्याही भावकीतला आहे. त्याला काही झालं तर सुतक दोन्ही घरांना लागेल. त्याच्या अंगावर कोण मशीन घालणार? याहून मोठी हमी कोणती?

"सुताक त्यांस्नी लागंल," कुशाबा म्हणाला. "मला काय लागंल?"

आणि स्वतःच हसला. तो हसला म्हणजे तयार आहे असं मी धरलं.

रविवार, १६ नोव्हेंबर

कुशाबाला पुण्याच्या इस्पितळात नेलं. वेळ लिहायची राहिली.

सोमवार, १७ नोव्हेंबर

काल झालं ते क्रमाने लिहिते.

कुशाबा साडेसहाच्या आधीच आला होता. स्वच्छ टोपी घालून. रंभाबाईने त्याला चहा दिला, तो त्याने उभ्यानेच घेतला. मी व्हरांड्यात होते, फोनमध्ये चित्रण करत. पुरावा कोणीतरी करायलाच हवा होता. पूर्वेच्या कुंपणापलीकडे विठ्ठलरावांचे पंधराएक जण, हात पाठीमागे. हातांत काय होतं ते नंतर कळलं. विठ्ठलराव स्वतः नव्हते. इंद्रजितही नव्हता. माती उकरायच्या त्या मशीनवर परगावचा कोणी पोरगेला ड्रायव्हर होता, मागून इंद्रजितची पाच-सात माणसं चालत.

मशीन कुशाबापासून चार हातांवर थांबलं. ड्रायव्हर ओरडला, "चाचा, हट जाओ! मुझे क्या मालूम तुम्हारा झगडा!" कुशाबा उभाच. पाटी छातीशी धरलेली. मागची माणसंही थांबली. "नाना, बाजूला व्हा की," त्यांच्यातला एक म्हणाला, अगदी आर्जवाने. मला आयुष्यात फार थोड्या वेळा इतका अभिमान वाटला आहे. हमी खरी ठरली होती.

कुशाबाने वळून माझ्याकडे पाहिलं. मी व्हरांड्यातून आवाज दिला, "कुशाबा, हलायचं नाही!"

तेवढ्यात पूर्वेकडून दगड आला. मशीनच्या काचेवर बसला. मग आणखी आले. ड्रायव्हरने दोन्ही हातांनी तोंड झाकलं आणि मशीन तिरकं फिरलं. त्याचं पुढचं खोरं कोपऱ्यावरच्या दगडी खांबाला लागलं. तो खांब मी घर बांधताना मुद्दाम उभा करून घेतला होता, सहा फुटी, गवंडी नको नको म्हणत असताना. तो कुशाबाच्या डाव्या पायावर पडला.

मशीन पश्चिमेचं, दगड पूर्वेचा, खांब माझा.

रंभाबाई पिठाच्या हातांनी धावत आली. खांब उचलायला दोन्हीकडची माणसं धावली, एकाच वेळी, एकाच बाजूला हात घालून. मी फोन बंद करायला विसरले होते. चित्रणात पुढची अकरा मिनिटं नुसतं व्हरांड्याचं छत आहे आणि आवाज आहेत. तो भाग मी ऐकलेला नाही.

भात उभंच आहे. मशीन तिथवर पोचलंच नाही.

गुरुवार, २० नोव्हेंबर

पाय गुडघ्याच्या वर कापावा लागला. मंगळवारीच. मला आज सांगितलं.

इस्पितळात बाकावर विठ्ठलरावांचा मुलगा आणि इंद्रजित शेजारी शेजारी बसले होते. एकाच डब्यातलं खात होते. रक्त दोन्ही घरच्या पोरांनी दिलं. मी देते म्हटलं तर नर्सने वय विचारलं.

मी इंद्रजितला तिथेच विचारलं, माझं लेखी उत्तर कुठे आहे?

"मावशी, हितं नको," तो म्हणाला. त्याचे डोळे सुजलेले होते. विठ्ठलरावांच्या मुलाने माझ्यासाठी जागा केली. मी बसले नाही. कोणाच्याही बाजूला बसले असते तरी अर्थ निघाला असता.

कुशाबा झोपेत होता. पांघरूण एका बाजूला सपाट होतं.

रविवार, २३ नोव्हेंबर

काही नाही. बागेला पाणी घालायला कोणी नाही. मी घातलं. नळी ओढताना कळलं की ती कुठे दुमडते ते मला ठाऊक नव्हतं. तो ते कसं सोडवायचा, कधी पाहिलंच नाही.

सोमवार, २४ नोव्हेंबर

जबाब द्यायला बोलावलं होतं. महिला हवालदार, तिशीची, शांत. प्रत्येक वाक्य लिहून झालं की वाचून दाखवायची. मी दोन्ही पक्षांची नावं दिली, मशीनचं, दगडांचं, सगळं सांगितलं.

"ते तिथे का उभे होते?"

"माझ्या हद्दीचं रक्षण करायला."

"स्वतःहून?"

मी म्हटलं, ते माझ्याकडे सोळा वर्षं आहेत.

तिने थांबून माझ्याकडे पाहिलं. "कुशाबांचा जबाब झालाय, मॅडम. ते म्हणतात, दगड कुणी मारला दिसला नाही. मशीन थांबलेलं होतं. 'बाजूला झालो असतो, पण बाई म्हणाल्या हलायचं नाही.' असं तुम्ही म्हणालात का?"

धीर देण्यासाठी म्हणाले, मी सांगितलं. तिने तेही लिहिलं, अक्षरशः: 'हलायचं नाही असे मी धीर देण्यासाठी म्हणाले.' आणि वाचून दाखवलं. तिच्या वाचण्यात काही खोट नव्हती. तरी ते वाक्य तिच्या तोंडून कानाला वेगळं लागलं. मी बदल सुचवायला दोनदा तोंड उघडलं. सही केली.

कुशाबाला दगड कुणी मारला ते दिसलं नाही? पंधरा माणसं, भर उजेडात. त्यातली निम्मी त्याच्या मांडीवर खेळलेली. त्याला खोटं बोलायला कोणी शिकवलं?

शुक्रवार, २८ नोव्हेंबर

रंभाबाई आली. मला वाटलं कामावर आली. कोनाड्यातला कंगवा, खुंटीवरचं जुनं लुगडं आणि तिचा अडकित्ता घ्यायला आली होती.

मी विचारलं, तुमच्या नवऱ्याने असा जबाब का दिला? दोघांनी मिळून त्याचा पाय घेतला आणि तो दोघांनाही सोडून देतो?

ती लुगड्याची घडी घालत राहिली. "कुनाचं नाव घ्यायचं व्हतं, बाई? विठ्ठलभावजीचं घेतलं तर त्यांच्या वरच्या आळीनं जायचं बंद. इंद्रजितचं घेतलं तर पोरीचं लगीन मोडलं."

"मग माझं नाव घेतलंत."

"तुमचं न्हाई घेतलं. तुमी म्हन्लात तेवडं सांगितलं."

मी म्हटलं, मी सत्यासाठी भांडते आहे, तुमच्यासाठीच भांडते आहे. या दोघांच्या दावणीला बांधून घ्यायचं नसेल तर—

"तुमाला पुन्यात खोली हाय," ती मधेच म्हणाली. आवाज चढला नव्हता. "हितलं बिनसलं तर तुमी कुलूप लावाल आन् जाल. आमी कुटं जायचं? आमाला दोगांच्या मदीच ऱ्हायचं हाय, बाई. जलमभर. तुमी आता आलाय मदी."

सोळा वर्षं झाली तरी 'आता'.

दारात थांबून म्हणाली, "त्या दिसाला इचारलं का हो तुमी त्यास्नी? ऱ्हाताय का उभं म्हनून?"

मी म्हटलं, ते हसले होते.

"व्हय," ती म्हणाली. "हसत्यात ते."

गुरुवार, ४ डिसेंबर

अपेक्षाचं लग्न. पत्रिका आली नाही, निरोपही नाही. सकाळपासून लॉनवरचे कर्णे माझ्या खिडकीत वाजत होते. साडेअकराला साडी बदलून गेले. मी त्या मुलीला बाराखडी शिकवली आहे.

फाटकात स्वागताला विठ्ठलराव आणि इंद्रजित, दोघांनी सारखे फेटे बांधलेले. "या या, बाईसाहेब." "या मावशी." दोघांनी एकदमच हात जोडले. असं स्वागत मला या गावात कधी मिळालं नव्हतं. मांडवात पहिल्या रांगेत चाकांच्या खुर्चीवर कुशाबा, त्यालाही फेटा. मांडीवर शाल, एका बाजूला घसरलेली. अक्षता पडल्यावर दोन्ही घरच्या पोरांनी खुर्चीसकट त्याला उचलून मांडवभर मिरवलं. तो सगळ्यांना हात करत होता. मलाही केला. हसत होता.

जेवायला बसले. तांदूळ खाचरातला होता म्हणे. भात गेल्या आठवड्यात दोघांनी मिळून कापलं. मशीन नाही, कोर्ट नाही, विळ्याने.

माझ्या पानात भात वाढला. मी खाल्ला नाही. मग वाटलं, टाकला तर तेही बाजू घेणं होईल, म्हणून खाल्ला.

सोमवार, ८ डिसेंबर

सकाळी दहा वाजून पाच मिनिटांनी इंद्रजितचा माणूस एक झेरॉक्स देऊन गेला. विठ्ठलराव आणि इंद्रजित यांचा समझोता. खाचर अर्धं अर्धं. इंद्रजितच्या अर्ध्याकडे जायला रस्ता विठ्ठलरावांच्या शेतातून नाही. तो 'पूर्वापार वहिवाटीप्रमाणे' माझ्या चौदा गुंठ्यांतून, पश्चिमेकडून पूर्वेकडे, आठ फुटी. पूर्वापार! सोळा वर्षांत तिथून मुंगूससुद्धा विचारून गेलं आहे. शेवटच्या पानावर पाच पंचांच्या सह्या, हा रस्ता आपण लहानपणापासून पाहत आल्याच्या. पाचवी सही कुशाबाची. ती अक्षरं मीच त्याला गिरवायला शिकवली होती, पोस्टातल्या जुन्या फॉर्मवर.

दोन मोठ्यांचं जमलं की नकाशा नेहमी तिसऱ्याच्या जागेत दुरुस्त होतो. हे मला अपेक्षित असायला हवं होतं. नव्हतं.

दिवसभर पत्र लिहिलं. चार मसुदे फाडले. पाचवा इथे उतरवून ठेवते. उद्या सकाळी पौडहून जाईल, तिन्ही पत्त्यांवर.

प्रति,
१. श्री. विठ्ठलराव
२. श्री. इंद्रजित
३. श्री. कुशाबा
सर्व राहणार कासार आंबोली, ता. मुळशी.

विषय: दि. १६ नोव्हेंबर २०२५ रोजी माझ्या जागेत घडलेला प्रकार व त्यानंतरचा खोटा कागद.

क्रमांक एक यांनी कळवावे की दगड घेतलेली माणसे माझ्या कुंपणाशी कोणाच्या सांगण्यावरून उभी होती. क्रमांक दोन यांनी कळवावे की लेखी नकार पोचल्यावरही मशीन का पाठवले. दोघांनी कळवावे की ज्या रस्त्यासाठी एका माणसाचा पाय गेला तो रस्ता पूर्वापार होताच, तर १६ तारखेला भांडण कशाचे होते. दोघांच्या उत्तरांवरून मी पुढील कायदेशीर पावले उचलीन. उत्तरे न आल्यास, आली नाहीत असे समजून उचलीन. तुम्ही उत्तर देणार नाही हे मला ठाऊक आहे आणि त्याने माझे काही अडत नाही.

क्रमांक तीन यांच्या सहीबद्दल मला काही विचारायचे नाही. जबाबाबद्दलही नाही. ती तक्रार मी चौथ्या मसुद्यात लिहिली होती, ती मागे घेत आहे.

कुशाबा, मला एवढेच कळवा. मशीन थांबले होते. दगड यायला अजून अवकाश होता, चित्रणात मी मोजला, नऊ सेकंद आहेत. समोरची माणसे बाजूला व्हा म्हणत होती. व्हरांड्यापासून तुमच्यापर्यंत साठ पावले आहेत, मी तिथून तुम्हाला धरून ठेवू शकत नव्हते. मी फक्त तोंडाने म्हणाले. तुम्ही वळून माझ्याकडे पाहिलेत, तेव्हा तुम्हाला काय विचारायचे होते? आणि मी म्हणाले म्हणून तुम्ही का हलला नाहीत?

उत्तर सोमवार, दि. १५ डिसेंबर २०२५ रोजी सायंकाळी पाच वाजेपर्यंत माझ्या हाती पडावे. अपेक्षाकडून लिहवून घेतले तरी चालेल, सही तुमची हवी. तोंडी निरोप चालणार नाही. रंभाबाईंना पाठवू नये. लेखी हवे.

हेमलता प्रधान